लिंबं चिरडली म्हणून गाडी परत घेत नाही

मंगळवार, मलकपेठ

गुरुवारी घरी आलेलं: जुनी गाडी एक, तीन लाख दहा हजार. हार साठ. नारळ चाळीस. लिंबं चार, वीस रुपये.

आज आम्ही दोघं परत करायला गेलो, तर तो दिलसुखनगरचा गाडीवाला म्हणतो काय, "अम्मा, पूजा करे, निंबू चिरडे, अब वापस कैसा लेते जी?" दुकानातले सगळे हसले. म्हणजे चाकाखाली लिंबं ठेवली हा माझा गुन्हा! आणि मॅट उचलल्यावर वाळका गाळ निघाला तो? सीटचा पट्टा पूर्ण ओढला तर त्यावर चिखलाची रेघ. पुरात बुडालेली गाडी मेल्याने माझ्या गळ्यात बांधली. उपास होता म्हणून शिवी गिळली.

हे म्हणतात, "जाऊ दे, देव बघून घेईल." बघेलच. पण देवाला हजार कामं, तोवर मी बघते.

एक बरं केलं. पैसे देताना हट्टाने पावतीमागे लिहून घेतलं, गाडी कधी पाण्यात बुडालेली नाही. खाली त्याची सही. वरच्या मजल्यावरच्या वकीलबाई म्हणाल्या, पूजेने ग्राहकाचा हक्क जात नाही. आधी नोटीस, मग ग्राहक आयोग. लिंबं चिरडली म्हणे! आयोगापुढे हेच त्याला मोठ्याने बोलायला लावीन. मारुतीराया, ते ऐकायला मला पहिल्या रांगेत बसव.

नोटीस लिहून झाली, उद्या रजिस्टरने जाईल. शेवट असा केलाय: "गाडी आपल्या दुकानापुढे आणून उभी करीत आहे. पूर्ण रक्कम कोणत्या दिवशी परत देता, ते उलट टपाली कळवावे."