आतून उघडणारं दार

बाबा, मी आत्ता सिंगापूरमधल्या आमच्या चोआ चू कांगच्या फ्लॅटमधल्या बॉम्ब शेल्टरमध्ये तांदळाच्या पोत्यावर बसून हे लिहितेय. ती खोली तुम्हाला आठवत असेलच. स्वयंपाकघराला लागून, खिडकी नसलेली, जाड काँक्रीटच्या भिंतींची आणि पोलादी दाराची. युद्ध झालं तर म्हणून ती इथे घरोघरी बांधलेली असते, आणि युद्ध होत नाही म्हणून सगळे तिच्यात तांदूळ, सुटकेसा आणि जुने पंखे ठेवतात. रविवारची दुपार आहे. बाहेर तुमचा नातू बॅग भरतोय. तुम्ही त्याला पाहिलंत तेव्हा तो माझ्या कडेवर असायचा, आता मला त्याच्याशी बोलताना मान वर करावी लागते. इथे वाढलेल्या मुलांना चुकत नाही ती लष्करी सेवा करतोय. आज संध्याकाळी त्याला कॅम्पवर परत जायचंय आणि उद्या त्याची तुकडी सरावासाठी परदेशी निघते. तो परत येईल तोवर माझं ऑपरेशन होऊन गेलेलं असेल. छातीत गाठ आहे आणि ती चांगली नाही. ऑपरेशनची तारीख मीच मागून घेतली, तो देशात नसेल अशी. त्याला यातलं काही माहीत नाही. सांगायचं तर संध्याकाळपर्यंतच वेळ आहे, आणि मी इथे येऊन बसलेय. हे मी कुणाकडून उचललं ते तुम्हाला वेगळं सांगायला नको.

इतर मुलींचे वडील त्यांना राजाराणीच्या गोष्टी सांगायचे. तुम्ही मला रशियन पुढाऱ्यांच्या चिलखती मोटारींच्या सांगितल्यात. कंपनीने तुम्हाला मॉस्कोला पाठवलं होतं ते ट्रकचं काम शिकायला. त्याच कारखान्याच्या आवारात, मागच्या एका शेडमध्ये, क्रेमलिनच्या लांबलचक काळ्या गाड्या हाताने बांधल्या जायच्या आणि परदेशी माणसाला तिकडे फिरकायलाही बंदी होती. पण तुम्हाला ट्रकची दारं शिकवणारे जे एक म्हातारे इंजिनियर होते, त्यांची उमेदीची वर्षं त्या शेडमध्ये गेली होती. चार भिंतींच्या आत ते त्याबद्दल चकार शब्द काढायचे नाहीत. सुट्टीच्या दिवशी बर्फातून लांब फिरायला गेलात की मात्र थोडंथोडं सांगायचे. तुम्ही ते सगळं जपून घरी घेऊन आलात, जसे इतर लोक परदेशातून कॅमेरे आणायचे.

चिंचवडचं आपलं स्वयंपाकघर आहे. आई पोळ्या लाटतेय, मी शाळेचा अभ्यास टाळतेय. तुम्ही ओट्यावरून माझा जेवणाचा छोटा स्टीलचा डबा उचलता आणि विचारता, गोळीने फुटणार नाही अशी गाडी कशी करायची? मी म्हणते, गाडीला आतून जाड पत्रे लावायचे. तुम्ही खूश होता, कारण चुकीचं उत्तर तुम्हाला हवंच असतं. सगळं जग तसंच करतं, तुम्ही सांगता, तयार गाडी घ्यायची आणि तिला आतून पोलाद चढवायचं. मग सांधे राहतात, फटी राहतात आणि गोळी नेमकी फट शोधते. त्या शेडमधल्या लोकांनी उलटं केलं. आधी माणसं बसतील एवढी पोलादाची बंद पेटी जोडली, तिच्यावर गोळ्या झाडून पाहिल्या, आणि ती टिकल्यावर तिच्याभोवती गाडी बांधली. असं म्हणत तुम्ही आईच्या परातीतला कणकेचा गोळा उचलून माझ्या डब्यावर थापता, पुढे नाक काढता, मागे डिकी काढता. आई म्हणते, आता त्या मोटारीच्या पोळ्या तुम्हीच खा. खाल्ल्यातही, न कुरकुरता.

पण तुमची खरी आवडती गोष्ट दाराची होती. पेटी गोळ्यांना पुरून उरली, काच इतकी जाड केली की ती खाली करायची सोयच उरली नाही, तेवढं वजन पेलायला ब्रेक आणि टायर पुन्हा नव्याने करावे लागले. सगळे पाठ थोपटून घेत होते. तेव्हा तुमच्या त्या गुरूंनी गाडी जरा चढावर उभी करायला लावली आणि कारखान्यातल्या एका पेन्शनीत निघालेल्या म्हाताऱ्या कामगाराला मागच्या सीटवर बसवलं, कारण आत बसणारे साहेबही त्याच वयाचे आणि तितकेच थकलेले होते. त्याला म्हणाले, आता बाहेर या. बाहेर चार जण दार उघडायला पुढे सरसावले, त्यांना यांनी हात लावू दिला नाही. आतला माणूस खांद्याने, मग दोन्ही हातांनी ढकलत राहिला. दार हललं नाही. जाड काचेतून त्याचं तोंड हलताना दिसत होतं, आवाज येत नव्हता. त्यानंतर कितीतरी महिने फक्त बिजागरीवर काम झालं. यात खरं किती आणि वोडका किती, ते तुम्हालाही ठाऊक नव्हतं. गोष्ट संपली की तुम्ही दर वेळी तेच म्हणायचात, "आतल्या माणसाच्या हातात किती जोर उरलाय, त्यावर दार ठरतं. गोळीवर नाही."

तुम्ही स्वतः पुढे आयुष्यभर ट्रकची दारंच केलीत. खंडेनवमीला कारखान्यात यंत्रांची पूजा असायची, घरच्यांना आत सोडायचे. मी झेंडूची माळ घातलेल्या एका नव्या केबिनचं दार जोरात आपटलं होतं. सगळ्यांदेखत तुम्ही मला बोललात. दार आपटायचं नसतं, बसवायचं असतं. मग माझा हात धरून ते पुन्हा उघडलंत आणि कसं हलकेच ओढायचं, मग शेवटी जरा दाब द्यायचा, ते माझ्याकडून करून घेतलंत. मी रडकुंडीला आले होते, तुमचं लक्ष कुलपाच्या आवाजाकडे होतं. मी सिंगापूरला निघाले तेव्हा तुम्ही मला त्या गुरूंनी दिलेला जाड काचेचा तुकडा दिलात, चाचणीत नापास झालेल्या काचेचा. तो बँकेत माझ्या टेबलावर असतो. त्यातून पाहिलं की समोरचा माणूस हिरवट आणि लांब गेल्यासारखा दिसतो. हल्ली त्याच्या कडेला दुधी डाग पडायला लागलेत. काचेचे थर ज्याने चिकटवलेले असतात ते आतल्या आत सुटत चाललंय. बाहेरून ओरखडासुद्धा नाही.

आई गेल्यावर तुम्ही एकदाच माझ्याकडे आलात. माझा घटस्फोट नुकताच झाला होता, नातू लहान होता, आणि तुम्ही येताना पोटात कॅन्सर घेऊन आला होतात. हे मला नंतर कळलं. तेव्हा एवढंच दिसलं की बाबा बारीक झालेत आणि हॉकर सेंटरच्या टपऱ्यांवर जेवायला नेलं तरी अर्धं ताट तसंच ठेवतात. शेल्टर मात्र तुम्हाला भलतंच आवडलं. भिंतीवर टकटक करून पाहिलंत, दाराचा दांडा फिरवून पाहिलात, बिजागरीवरून बोट फिरवलंत. अशाच एका दुपारी तुम्ही घरात कुठे दिसेनात. पोराला कडेवर घेऊन मी सगळ्या खोल्या पाहिल्या आणि शेवटी हे दार ओढलं. तुम्ही दिवा न लावता पोत्यावर बसला होतात. चेहऱ्यावर घाम होता. म्हणालात, "काही नाही गं, बिजागरी बघतोय. चांगली बसवलीय." मला हसू आलं. मी म्हटलं, बघा निवांत, आणि दार पुन्हा लोटून घेतलं. तुम्ही शिकवलंत तसं, न आपटता.

तुम्ही परत गेलात. फोनवर रोज सगळं ठणठणीत होतं. मग एका सकाळी शेजारच्या काकूंचा फोन आला. मी पोचले तेव्हा तुमच्या तोंडात नळी होती, डोळे उघडे होते आणि बोलता येत नव्हतं. तुम्ही माझ्याकडे पाहत राहिलात आणि तुमचे ओठ नळीभोवती जरासे हलले. मला काहीच ऐकू आलं नाही. काकू म्हणाल्या, तुला त्रास नको म्हणून कुणालाच सांगायचं नाही असं बजावलं होतं त्यांनी. तुम्हाला वाटलं असेल, पोरीला वाचवलं. बाबा, मला भयंकर राग आला होता. तो अजून गेलेला नाही. मला पेटीत बसवून तुम्ही बाहेर एकटे गोळ्या खाल्ल्यात, की स्वतःच पेटीत शिरून बसलात, हे मला आजतागायत ठरवता आलेलं नाही. दोन्हीकडून काच तेवढीच जाड होती.

आणि आता मी. डॉक्टरीणबाईंनी विचारलं, घरी कोण आहे? मी म्हटलं, मुलगा आहे, पण तो आर्मीत आहे, त्याला नको. त्या चष्म्यावरून पाहत राहिल्या. ऑफिसातली एक मैत्रीण माझ्याबरोबर हॉस्पिटलात येणार आहे. मुलाला मी सांगून ठेवलंय की त्या दिवसांत ऑडिट आहे, फोन लागला नाही तर काळजी करू नकोस. कुठेही फट ठेवलेली नाही. तुम्ही असतात तर काम पाहून खूश झाला असतात. काल रात्रीच्या जेवणाला मी त्याच्यासाठी आमटी-भात केला, त्याने दोनदा मागून घेतला, आणि मी दोन्ही वेळा तोंड उघडून पुन्हा मिटलं. मला भीती ऑपरेशनची आहे आणि त्याच्या चेहऱ्याचीही आहे. त्याच्या चेहऱ्याची जास्त, हे आज दुपारी इथे येऊन बसले तेव्हा कळलं.

आत्ता इथे बसल्यावर एक गोष्ट लक्षात आली. या दाराचा दांडा फिरवून बसवला की ते उघडायला दोन्ही हात लागतात, अंगाचा जोर लागतो. त्या दुपारी माझ्या एका हातावर पोर होतं. मी दुसऱ्या हाताने सहज ओढलं आणि दार आलं. म्हणजे तुम्ही दांडा फिरवलाच नव्हता. आयुष्यात एकही दार अर्धवट न लावलेला माणूस, आणि लपायला आलात तेव्हा हे नुसतं ओढून घेतलं होतंत. इतकी वर्षं मी तुम्हाला बंद पेटी म्हणून दोष देत आले. तुमच्या हातात तेव्हा जेवढा जोर उरला होता, तेवढं दार तुम्ही उघडं ठेवलं होतंत. मला ते दिसलं नाही, आणि दिसणारही नव्हतं, कारण तुम्ही बिजागरीबद्दल बोलत होतात.

बाहेर बॅगेची चेन लागल्याचा आवाज आला. पावलं स्वयंपाकघरात आली आणि दाराशी थांबली. "आई, यू ओके ऑर नॉट? इन देअर सो लाँग ऑलरेडी." मी म्हटलं, तांदूळ काढतेय. तो गेला नाही, दाराखालच्या फटीत त्याच्या पायांची सावली आहे. तुम्हाला हे पत्र पोचवायची काही सोय नाही, आणि असती तरी हे मी तुम्हाला लिहिलं ते बाहेर उभ्या असलेल्याला सांगता येत नाही म्हणून. तेव्हा इथेच थांबते. एवढंच कबूल करायचं होतं, बाबा, की दांडा मीही फिरवलेला नाही.