गळ्यातला स्टेथोस्कोप

अमरावती, रविवार, संध्याकाळ

मेडिकलला नंबर लागला म्हणून ठेवलेल्या माझ्या सत्काराचा फ्लेक्स मामाने अकोल्याहून स्वतः आणला. ॲनिमेशन शिकलेला, रॉक बँडमध्ये गिटार वाजवणारा आणि आता लोकांच्या वाढदिवसांचे फ्लेक्स करणारा माझा मामा. मलाही ॲनिमेशनच शिकायचे आहे, हे मी फक्त त्यालाच सांगितले होते. फ्लेक्सवर मात्र माझ्या गळ्यात स्टेथोस्कोप!

बाबांनी त्याला गिटारही आणायला सांगितली होती. का, ते जेवणानंतर कळले.

"वाजवा, साळेबुवा! चित्रं काढणाऱ्याचं पुढं काय होते, ते पोरीले पाहू द्या."

म्हणजे माझे गुपित बाबांपर्यंत पोहोचले होते. पाहुणे हसले. मामाही हसला, आणि त्याने वाजवले.

स्वयंपाकघरात मी त्याला गाठले. "मामा, मी पाठवलेली चित्रे पाहिलीस?"

"पाह्यली. तुह्या हातात जीव नाई, बाई. डॉक्टर हो."

हे त्याचे मत, की बाबांनी पढवलेले? दोहोंपैकी अधिक क्रूर कोणते?

आताच तो स्टेथोस्कोप पुन्हा पाहून आले. माझ्या शाळेतल्या फोटोवर त्याने तो असा बसवला आहे, की त्याची सावली कॉलरवर पडते. मावशीने तर विचारले, "हा फोटो कोन्त्या दवाखान्यात काढला वं?"

इतके जिवंत काम मामाने यापूर्वी केलेले मला आठवत नाही.