बिडीला दिलेली चाल

न्यूयॉर्क, ९ मार्च १९१७

प्रिय आई,

मी बरी आहे. खोली उबदार आहे, रविवारी चर्चलाही जाते. टेरेन्स, भाऊराया, हे आईला सगळं वाचून दाखव. काही गाळू नकोस.

वर्तमानपत्रातल्या चित्रमालिकेतली बिडी नावाची धुणेवाली तुला माहीत आहेच. एकामागून एक चित्रं काढून आम्ही आता तिला सिनेमात चालवतो आहोत. छापील चित्रांत ती टबापाशी उभी असते. ती चालते कशी, ते इथे कुणालाच सुचेना. मी तुझी चाल काढली. कमरेवर धुण्याचं गाठोडं, दुखरा गुडघा जपत टाकलेलं पाऊल. दोनशे कागद अभिमानाने काढले गं.

आमचे मुख्य चित्रकार लोमॅक्स ते पाहून खो खो हसले. "वा, पदवीधर बाई! आता हिला आणखी लंगडवा आणि टबात तोंडावर आपटा."

"ती माझ्या आईची चाल आहे," मी म्हणाले.

"मग आईला सिनेमाचं तिकीट पाठवा की!"

सगळी खोली हसली. मी पेन्सिल खाली ठेवली. ते पडणं दुसऱ्याने काढलं. माझा संताप अजून उतरलेला नाही, आणि त्यातला निम्मा माझ्यावरच आहे. तुला न विचारता मी तुला त्यांच्या हाती दिलं.

गुडघा शेकतेस ना?

पुढच्या शनिवारी तो सिनेमा आपल्या गावात लागेल. शेजारणी तुला नेतीलच. बिडी दारातून टबापर्यंत येते, तिथवर मी काढलंय. तेवढं बघ आणि उठून घरी जा.

रागावलीस तरी तुझीच,
डेलिया