आज सोप्यात बसून बघा

आवं, मी कोल्हापूरला शिवांजलीच्या मॅचला चाललेय. विचारलं असतं तर तुम्ही न्हाई म्हणाला असता, म्हणून विचारलं न्हाई. भाकरी टोपल्यात हायत.

तिच्या टीमची मॅच कुठल्याच चॅनेलवर लागत न्हाई, नुसत्या ॲपवर दिसती. ते ॲप मी टीव्हीत घालून घेतलंय. चारला लावा. निळ्या जर्सीत नऊ नंबर आपली.

पोरीनं खेळापायी पोलीस भरती सोडली म्हणून तुम्ही वर्षभर तिच्याशी बोलला न्हाई. पण मागच्या मॅचला गोठ्यात मोबाईल घेऊन बसला होता, आणि रेंज गेली तवा म्हशीवर खेकसला, ते मी ऐकलंय. आज पुढं सोप्यात, टीव्हीसमोर बसून बघा. कोण आलं तरी बंद करू नका.

मॅच संपली की तिला फोन करा. खेळावरनं काय बोलायचं ते बोला, भरतीचं नाव काढू नका.

शिवांजलीची आई