बाईंची काळी पाच

बाई, तुम्ही जाऊन किती वर्षं झाली ते मी मोजत नाही. जुनी इंदूर भागातल्या तुमच्या स्वयंपाकघरात मात्र अजून जाऊन बसते. तुम्ही पोळ्या लाटताय, मी दाराशी तानपुरा घेऊन बसलेय, आणि घसा बसलाय म्हणून आज सूर जरा खाली लावलाय. लाटणं थांबतं. तुम्ही वळूनही न बघता म्हणता, "माझ्याकडे शिकायचं तर माझ्या पट्टीत. नाहीतर घरी बसून भजनं म्हण." तुमची पट्टी काळी पाच, हार्मोनियमवरची चांगलीच उंच, म्हणून आम्हा सगळ्या शिष्यांचीही काळी पाच. कोणाचा गळा कसा आहे, हे विचारायची रीतच नव्हती.

पुढे लग्न, बँकेतली नोकरी, सासूबाईंचं अंथरूण. गाणं मागे पडलं ते पडलंच. निवृत्त झाले तेव्हा ठरवलं, मरायच्या आधी एकदा पूर्ण मैफल करायची, ख्यालाची, एकटीनं. घरचे म्हणाले, या वयात कशाला हे डोहाळे. मी रोज पहाटे बसत होते. साठीनंतर गळा उतरतो हे कळत होतं, तरी तानपुरा काळी पाचमध्येच लावायचे. कधी घशात रक्ताची चव यायची, मग खडीसाखर चघळायची आणि पुन्हा सुरू करायचं. साथीला तबल्यावर सियागंज बाजारातले एक किराणा दुकानदार होते, भला माणूस. एकदा हळूच म्हणाले, "ताईजी, खाली काळी तीनवर या ना. किसको पता चलेगा?" मी त्यांच्याशी कित्येक दिवस धड बोलले नाही.

मैफल गेल्या महिन्यात झाली. विलंबित ख्यालात वरच्या सा वर, तार षड्जावर गेले आणि आवाज फाटला. परत गेले, तर नुसती हवा आली. तबल्यावरचे ते बिचारे ठेका देत राहिले. मग लोकांनी टाळ्या वाजवल्या, कीव आल्यावर वाजवतात तशा, आणि मी उठले. डॉक्टर म्हणतात, बोलता येईल, गाणं विसरा.

मला तुमचा फार राग येतो, बाई. खाली का नाही गायलात असं विचारणाऱ्यांना मी सांगते, गुरूची पट्टी कशी सोडायची. लोक माना डोलावतात. हा कागद टाकायला टपालपेटी नाही, म्हणून इथं खरं लिहिते. खालच्या पट्टीत गायले असते तर ते गाणं माझं झालं असतं, आणि ते बेताचंच निघालं असतं तर बोट कोणाकडे दाखवणार, याची मला भीती वाटत होती.