दादाचा डावा हात

४ जून

दादाने शेवटी हात दिला! म्हणजे उरलेला, उजवा. डावा फेब्रुवारीत छापखान्यातल्या कागद कापायच्या यंत्रात गेला. तेव्हापासून तो खोलीबाहेर येत नाही. वहिनीला तर दुसऱ्याच आठवड्यात माहेरी पाठवलं — "तुला हे बघायची गरज नाही." मी रोज कार्यशाळेत परक्यांचे कृत्रिम हात बनवते आणि घरच्यापुढे चार महिने नुसत्या विनवण्या. आज म्हणाला, "घे बाई एकदाचं माप."

आलेखाच्या कागदावर, उभ्या अक्षाच्या उजवीकडे त्याचा पंजा ठेवला. टोकं, सांधे मिळून बावीस बिंदू. अंगठा (३, ११). करंगळी (१७, १४).

५ जून

पहिल्या आकड्याला उणे, दुसरा तसाच. अंगठा (−३, ११), करंगळी (−१७, १४). बिंदू जोडले की अक्षापलीकडे डावा हात तयार! आठ वर्षं हेच करतेय, तरी गंमत वाटते.

आज उगाच फक्त दुसरा आकडा उणे केला. बोटं खाली गेली. कागद टेबलावरच अर्धा फेरा फिरवला — तरी डावाच! मग दोन्ही उणे केले, फिरवला, तर उजवा परत हजर. असं का होतं? आईला दाखवत बसले. "आधी जेव," म्हणाली.

९ जून

फजिती. कार्यशाळेतल्या मिस्त्रींनी साचा हातात घेऊन विचारलं, "करंगळी वाकडी का?"

दादाची वाकडी आहेच — पण उजवी. लहानपणी मीच दारात चेंगरली होती. उणे चिन्हाने माझं पापही पलीकडे नेलं! 'दुसरा हात असाच होता का?' हा आमचा पहिला प्रश्न. परक्यांना न चुकता विचारते. घरच्याला विचारलाच नाही.

मग डावी कशी होती? दादा म्हणाला, "बोटासारखं बोट." आई म्हणाली सरळ, मग म्हणाली जरा आत वळलेली. जुने फोटो बाहेर काढले, तर सगळीकडे हात खिशात. छत्तीस वर्षं एका घरात राहून मला भावाचा हात आठवत नाही. रडूच आलं.

१० जून

दादाला न विचारता वहिनीला फोन केला. डावा हात कसा होता, विचारलं. ती म्हणाली, "फोनवर कसं सांगू?"

१२ जून

वहिनी आली. माझा कागद बाजूला सारून कोरा घेतला आणि न थांबता डावा हात काढला. करंगळी सरळ, पण आखूड. मधलं नख रुंद.

दादा मागे कधी येऊन उभा राहिला, कळलंच नाही. वाकून बघत म्हणाला, "अंगठ्याजवळचा तीळ राहिला."