डबाभर घुमरं

बाबा,

काल मी तुमच्या नातीचं लग्न लावलं. माईकवर, भरल्या मंडपात, एकटीनं. तुम्ही गेलात तेव्हा मी दुकानात 'साखर द्या' म्हणायलाही धजत नव्हते, बोट दाखवून काम भागवायचे. त्यामुळे ही गोष्ट दुसऱ्या कुणी सांगितली असती तर तुम्हांला खरी वाटली नसती. म्हणून मीच सांगते, आणि जरा फुशारकीनं सांगते.

तो दिवस आठवतो ना, मला शाळेला सुट्टी होती आणि आईनं तुमचा डबा घेऊन रिछाईला, तुमच्या कारखान्यात पाठवलं होतं? तिथं सगळ्या लेथ मशिनी एकदम चालू होत्या, कानात बोटं घालावीत असा कल्लोळ. मी तुमच्या कानाशी येऊन ओरडले, की आज भरीत आहे, लोणचं वेगळ्या वाटीत आहे, सांडू नका. तुम्ही माझ्याकडे बघतच राहिलात. घरात 'भरीत' म्हणता म्हणता जिला घाम फुटायचा, ती पोर तिथं घडाघडा बोलत होती. 'अजून बोल,' तुम्ही म्हणालात, आणि मी बोलत सुटले, शाळेतलं, शेजारचं, सगळं साठलेलं. निघताना तुम्ही रिकामा डबा मशिनीपाशी उघडा धरलात आणि झाकण गच्च लावलंत. 'हे घुमरं होय,' तुम्ही म्हणालात. 'आवाज बी होय अन् पाणी बी. इथं गळ्यापर्यंत भरून राहते, म्हणून तुह्ये शब्द तरंगून राहिले. कोरड्यात नाव चालते का? घरी घेऊन जाय. अडली का थोडं उघडजो.' मी तो डबा दोन्ही हातांनी धरून, जराही न हिंदकळू देता घरी आणला.

शाळेत तो उघडून काही उपयोग झाला नाही, हे मी तुम्हांला कधी सांगितलं नाही, आणि तुम्हीही विचारलं नाहीत. पण घरात तुम्ही माझी पाठ राखलीत. आत्या नागपूरहून आल्या की माझ्या जिभेवर वेखंड चोळायच्या आणि माझं वाक्य आपणच पुरं करून टाकायच्या. एकदा जेवताना मी 'पा... पा...' करत होते, तर त्यांनी पाण्याचा तांब्या पुढं सरकवला. मला पापड हवा होता. तुम्ही ताटावरून मानही वर न करता म्हणालात, 'ताई, तिचं वाक्य तिच्यापाशी राहू द्या. तिले घाई नाही, तुमाले काहून हाय?' पुढं मोठेपणी एका डॉक्टरांनी समजावलं, की गोंगाटात स्वतःचा आवाज ऐकू आला नाही की काही तोतऱ्यांची जीभ सुटते. असेल. मला घुमरंच पटतं.

आता कालचं. आपल्याकडे बौद्ध लग्नात कुणीतरी प्रतिज्ञेची एकेक ओळ सांगतं आणि नवरा-नवरी ती मागून म्हणतात. लेक हट्टाला पेटली. 'आई, तूच सांगायचं. दुसरं कोणी सांगितलं तर मी रिपीट नाही करणार.' मी हो म्हटलं, कारण माझ्या डोक्यात एक युक्ती होती. अधारतालच्या लग्नाच्या लॉनवर जनरेटरवाल्याला सांगून ठेवलं, जनरेटर स्टेजच्या अगदी मागं लावा. तो म्हणाला, 'दीदी, बहुत आवाज़ करता है.' म्हटलं, 'करने दो, भैया.' म्हणजे गळ्यापर्यंत घुमरं, आणि मी त्यात तरंगणार. मी माईक हातात घेतला मात्र, त्या भल्या माणसानं जनरेटर बंद केला. 'लाइट आ गई, दीदी. अब आपकी आवाज़ साफ़ आएगी.'

मंडप चिडीचूप. ओळखीचे सगळे खाली बघायला लागले, आणि एका काकांनी तर माईक घ्यायला हातही पुढं केला. मी दिला नाही. 'मी माझ्या प... प... पत्नीचा मान राखीन.' जावई इथंच, हिंदी मुलखात वाढलेला, मराठी त्याला समजते पण बोलताना चाचपडतो. जसं सांगतील तसंच म्हणायचं, एवढंच त्याच्या आईनं पढवून ठेवलेलं. त्यानं छाती पुढं काढून खणखणीत म्हटलं, 'मी माझ्या प... प... पत्नीचा मान राखीन.' मग लेकीची ओळ. 'मी माझ्या प... प... पतीचा मान राखीन.' तिला तर सगळंच कळत होतं. तिनं माझ्या डोळ्यांत बघून, माझ्याइतकीच थांबत, अडत, ती ओळ म्हटली. मग मला कोण अडवणार? जिथं अडले तिथं ती दोघं माझ्यासोबत अडली आणि तिघंही पुढं निघालो. शेवटी सगळा मंडप 'साधु, साधु, साधु' म्हणाला तेव्हा मी हसत होते. मी जिंकले, बाबा.

हे पत्र टाकायला पेटी नाही, घडी घालून कपाटात ठेवीन. पण लेकीलाही सांगितलं नाही ते तुम्हांला सांगते. शेवटची ओळ मला कुठंच अडत नव्हती, सरळ जिभेवर येत होती. ती दोघं माझ्या तोंडाकडे बघत थांबली होती, म्हणून तिथं मी मुद्दाम अडले.